कान्हेरीची ‘दफनभूमी’ आणि शोभना गोखले

मुंबईच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानातल्या कान्हेरीच्या बौद्ध लेण्यांत चैत्यगृह, म्हणजे स्तूपपूजेचे लेणे, आणि दरबार लेणे पाहून झाले की वाटाड्या दूरवर हात करून सांगतो, ‘ती भिक्खूंची दफनभूमी.’ लेण्यांबद्दलच्या लिखाणातही हा शब्द वारंवार भेटतो. तिथे सापडलेले छोटे ब्राह्मी लेख वाचून अभ्यासकांपुढे ठेवले ते शोभना गोखले (१९२८–२०१३) यांनी. पुराभिलेख, म्हणजे जुने कोरीव लेख, आणि नाणी हा त्यांचा विषय. उत्तर कोकणाच्या प्राचीन इतिहासावर काम करायचे तर त्यांचे वाचन टाळून पुढे जाता येत नाही. त्या जागेला त्यांनी वापरलेले नाव मात्र लोकांच्या तोंडी बसले नाही.

कान्हेरीचे लेख टिपण्याचे काम एकोणिसाव्या शतकात सुरू झाले आणि ते बहुतेक गोऱ्या हौशी मंडळींनी केले. १८३९ मध्ये एका डॉक्टरने चैत्यगृहासमोरचा भाग उकरला. रक्षा असलेली तांब्याची भांडी, माणिक, मोती, सोन्याचे तुकडे आणि त्रैकूटक राजांच्या कालगणनेतल्या २४५ व्या वर्षाचा, म्हणजे इ.स. ४९४-९५ चा ताम्रपट मिळाला. पुढे १८६० च्या सुमारास एका रेल्वे इंजिनिअरने लेखांच्या नकला केल्या. राजांची नावे लावणे आणि सनावळी जुळवणे, यातच त्या पिढीचा जीव अडकला होता.

गोखले यांच्या पिढीत बाईने शिकून मास्तरीण होणे लोकांच्या अंगवळणी पडले होते. जंगलातल्या लेण्यांत जाऊन कोरीव अक्षरांशी झटणे ही निराळी गोष्ट होती. ठसा घ्यायचा तर आधी दगड धुऊन काढायचा, ओला कागद त्यावर बसवायचा, तो ब्रशने ठोकून अक्षरांच्या खाचांत उतरवायचा आणि मग शाईची गादी फिरवायची. काळ्यावर पांढरी अक्षरे उमटतात. कान्हेरीचा दगड भरड. साष्टी बेटाचा पाऊस शतकानुशतके खाल्लेल्या त्या भिंतीवर मात्रा कुठली आणि खळगा कुठला, हेच आधी ठरवावे लागते. पुण्यातल्या एका संशोधन संस्थेत शिकवत त्यांनी हे काम केले. १९७५ मध्ये त्यांचे पुराभिलेखविद्येवरचे पुस्तक मराठीत आले. माझ्या मते त्याचे मोल कान्हेरीच्या लेखांवरच्या त्यांच्या पुढच्या ग्रंथाइतकेच आहे, कारण लिपी वाचायला शिकणाऱ्याला आपल्या भाषेचे दार उघडले.

आता ‘दफनभूमी’ हा शब्द. १९७० च्या दशकात ८७ क्रमांकाच्या लेण्याच्या परिसरातला ढिगारा उपसल्यावर विटांच्या स्तूपांची मोठी ओळ आणि लेख असलेले दगड पुढे आले. लेखांत थेरांची, म्हणजे ज्येष्ठ भिक्खूंची नावे आहेत आणि नावांपुढे अर्हतासारखी, म्हणजे निर्वाणपदाला पोचलेल्याची, विशेषणे आहेत. इंग्रजीत या जागेला सरसकट स्मशानवाचक शब्द लावला गेला आणि मराठीत त्याचे ‘दफनभूमी’ झाले. दफन म्हटले की देह मातीत ठेवणे आले. बौद्ध परंपरेत स्तूप उभा राहतो तो दहनानंतरच्या अवशेषांवर किंवा नुसत्या स्मृतीवर. ‘स्मशान’ म्हणावे तर ते चितेचे ठिकाण. दोन्ही शब्द चुकीचे चित्र उभे करतात. गोखले यांनी आपल्या लेखाच्या शीर्षकातच या जागेला स्मृतिस्तूपांची वीथी, म्हणजे दालन, म्हटले. हा शब्द मला फार महत्त्वाचा वाटतो. त्यामुळे ती जागा मेलेल्यांची राहत नाही, विहाराने आपल्या आचार्यांना जवळ ठेवल्याची होते. डोंगराच्या कडेला, विहाराच्या हद्दीतच हे स्तूप का बांधले, हा प्रश्नही मग विचारता येतो. ‘दफनभूमी’ म्हटले की गावाबाहेरची जागा एवढ्यावर तो मिटतो.

कान्हेरीच्या लेखांचा त्यांचा संकलित ग्रंथ १९९१ मध्ये प्रसिद्ध झाला. इसवी सनाच्या सुरुवातीच्या शतकांतल्या दानलेखांपासून नवव्या शतकातल्या, राष्ट्रकूट राजा अमोघवर्षाच्या आणि त्याच्या मांडलिक शिलाहारांच्या काळातल्या लेखांपर्यंत सगळे एकत्र वाचले की कोकणचा इतिहास राजांच्या हातून निसटून बंदरांकडे जातो. दान देणारे कल्याणचे, सोपाऱ्याचे, चेमुलचे, म्हणजे आजच्या चौलचे. त्यांत व्यापारी आहेत, सोनार-लोहार आहेत, भिक्खुणी आणि घरगृहस्थीच्या बायका आहेत. कोणी लेणे दिले, कोणी ‘पाणियपोढी’, म्हणजे पाण्याचे टाके. कोणी अक्षयनीवी ठेवली: मुद्दल हलवायचे नाही, उत्पन्नातून भिक्खूंना चीवर, म्हणजे वस्त्र, द्यायचे. अकराव्या शतकात लेणी पाहायला आलेल्या पारशांनीही पहलवी या जुन्या इराणी लिपीत आपली नावे कोरली. त्यांतली सर्वांत जुनी नोंद १००९ ची आहे.

गोखले यांचा ग्रंथ आल्यानंतरच्या वर्षांत कान्हेरीभोवती बोलणे वाढले ते उद्यानाच्या हद्दीवर, अतिक्रमणांवर आणि सुटीच्या गर्दीवर. २०२२ च्या बुद्धपौर्णिमेला पर्यटकांसाठीच्या नव्या सोयींचे उद्घाटन झाले. उद्यानात आणखी काही लेण्यांची नोंद झाली. लेखांचे ठसे मात्र सोयींच्या यादीत येत नाहीत. उघड्यावरची अक्षरे दर पावसाळ्यात थोडी आणखी पुसट होतात.

एका दानलेखात भिक्खूसंघाला दिलेल्या शेताचे गाव ‘मंगलथान’ असे आले आहे. बोरिवलीचे मागाठाणे ते हेच. आज त्या नावाचे मेट्रो स्टेशन आहे.