एका घासात चार हट्टी जिन्नस: रुमाकीची केमिस्ट्री

कोंबडीच्या कलेजीचा एक छोटा तुकडा, त्याला लागून वॉटर चेस्टनट या करकरीत कंदाची एक जाड चकती, दोघांभोवती बेकनची, म्हणजे खारवलेल्या डुकराच्या मांसाची, अर्धी पट्टी गुंडाळायची, टूथपिक खोचायची, सोया सॉस, ब्राऊन शुगर आणि आल्यात मुरवायचं आणि खरपूस भाजायचं. झाली रुमाकी. अमेरिकेत १९५० आणि ६० च्या दशकात कॉकटेल पार्टी म्हटली की हा पदार्थ असायचाच. नावावरून तो हवाईचा किंवा जपानचा वाटतो आणि हॉटेलवाल्यांनी तो ‘पॉलिनेशियन’ म्हणूनच खपवला, पण सगळा मामला कॅलिफोर्नियातला. डॉन बीच नावाच्या माणसाने १९३३ मध्ये हॉलिवूडला ‘डॉन द बीचकोंबर’ सुरू केलं आणि अमेरिकेत त्या बांबू-नारळवाल्या टिकी हॉटेलांची लाट आली. त्याच नावाच्या पाम स्प्रिंग्जमधल्या हॉटेलच्या १९४१ च्या मेनूवर रुमाकी सापडते, आणि तिचा इतका जुना लेखी उल्लेख फारसा कुठे नाही.

मला या पदार्थाचं जे कौतुक आहे ते वेगळ्याच कारणासाठी. एवढ्याशा घासात चार जिन्नस आहेत आणि चौघांना उष्णता वेगवेगळी लागते. बेकनची चरबी सुटायला वेळ द्यावा लागतो, कलेजी थोडी जास्त शिजली की रवाळ आणि कोरडी होते, बाहेरची साखर तर सगळ्यात आधी करपायला टपलेली असते, आणि वॉटर चेस्टनटला यातल्या कशानेच काही होत नाही! तर हे सगळं एकाच वेळी तयार कसं होतं, आणि बिघडतं तेव्हा नेमकं कुठे बिघडतं, हे समजून घेण्यासारखं आहे.

बेकनपासून सुरुवात करू. डुकराची चरबी साधारण ३० ते ४५ अंश सेल्सियसच्या दरम्यानच वितळते, म्हणजे वितळणं हा प्रश्नच नाही, प्रश्न आहे ती बाहेर पडण्याचा. चरबी पेशींमध्ये भरलेली असते आणि त्या पेशींभोवती कोलॅजेन नावाच्या प्रोटीनचं जाळं असतं, ते ढिलं पडेपर्यंत चरबी आतच अडकून राहते, म्हणून घाई केली की पट्टी वरून तपकिरी दिसते आणि चावली की आत रबरासारखी लागते. हेच कोलॅजेन ६०-६५ अंशांच्या आसपास आकसतं, त्यामुळे पट्टी आखडते आणि आतल्या तुकड्यांना घट्ट आवळते, गुंडाळून भाजायला बेकन इतकं सोयीचं आहे ते यामुळे. बाहेर सुटणारी चरबी स्वतःच पट्टीला तळत राहते आणि आतली कलेजी थेट आचेपासून लांब राहते. इंग्लंडमध्ये व्हिक्टोरियन काळात कालवं बेकनमध्ये गुंडाळून भाजायचे त्यातही हाच फायदा होता, नाजूक गोष्ट आत आणि चिवट गोष्ट बाहेर.

आता मॅरिनेड, म्हणजे मुरवायचा मसाला. लोकांचा एक पक्का समज असतो की मसाला रात्रभर ठेवला की आतपर्यंत मुरतो. मीठ थोडंफार आत जातं, कारण सोडियम आणि क्लोराईडचे आयन लहान असतात, पण साखरेचा रेणू बराच मोठा, आणि सोया सॉसचा रंग नि वास देणारे रेणूही वरच्या थोड्या मिलिमीटरांतच थांबतात. म्हणजे मॅरिनेड हे मुख्यतः पृष्ठभागाचं काम आहे. रुमाकीत ते चालून जातं कारण घासच लहान, सगळा पृष्ठभागच म्हणा ना. उलट जास्त वेळ ठेवण्यात तोटा आहे. ताज्या आल्यात झिंजीबेन नावाचं प्रोटीन तोडणारं एन्झाइम असतं, मटणाच्या जून तुकड्याला ते चांगलं, पण कलेजी मुळातच मऊ, ती फार वेळ आल्यात ठेवली की कडेने लिबलिबीत व्हायला लागते. आणि बेकन आधीच खारट, त्यात सोया सॉसमध्ये वजनाच्या १६-१८ टक्के मीठ. तास-दोन तास भरपूर झाले.

सोया सॉसबद्दल जरा थांबून सांगायला हवं कारण या पदार्थाचा अर्धा जीव त्यात आहे. सोयाबीन आणि गव्हावर अॅस्परजिलस ओरायझी ही बुरशी वाढवतात, मग ते खारवलेल्या पाण्यात महिनोन् महिने आंबवतात, त्यात बुरशीची एन्झाइम्स प्रोटीनचे तुकडे करून अमिनो आम्लं मोकळी करतात आणि त्यातलं सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे ग्लुटामेट. किकुनाए इकेदा या जपानी केमिस्टने १९०८ मध्ये कोंबू या समुद्री शेवाळातून हेच वेगळं काढलं आणि त्या चवीला उमामी म्हटलं. पुढे जपानमध्येच आणखी एक गोष्ट कळली, ग्लुटामेटच्या जोडीला इनोसिनेट असेल तर उमामीची चव दोघांच्या बेरजेपेक्षा कितीतरी जास्त जाणवते. इनोसिनेट कशात असतं? मांसात. म्हणजे सोया सॉस लावलेलं बेकन जिभेला जे काही करतं ते एकटा सोया सॉसही करू शकत नाही आणि एकटं बेकनही नाही.

मग यात गोड कशाला? कलेजीला एक कडवट, लोखंडासारखी चव असते आणि बऱ्याच जणांना ती नकोशी वाटते. फिलाडेल्फियाच्या मोनेल केमिकल सेन्सेस सेंटरमधल्या ब्रेस्लिन आणि ब्यूशँप यांनी १९९७ मध्ये दाखवलं होतं की मीठ नुसतं खारट करत नाही, ते कडूपणा दाबतं, आणि कडूपणा दबला की त्याच मिश्रणातला गोडवा आपोआप उठून येतो. गोडही कडूला दाबतंच. म्हणजे खारट-गोड मॅरिनेड कलेजीवर दोन्ही बाजूंनी काम करतं, म्हणून एरवी कलेजीकडे न बघणारी माणसं रुमाकीचे चार-पाच घास सहज उचलतात.

गोडाचं दुसरं काम रंगाचं आणि वासाचं. लुई-कामी मायार या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ मध्ये अमिनो आम्लं आणि साखर एकत्र तापवून त्यांचा रंग बदलतो हे मांडलं, आणि त्यातल्या पायऱ्यांचा नीट नकाशा १९५३ मध्ये अमेरिकेच्या कृषी खात्याच्या पिओरियातल्या प्रयोगशाळेतल्या जॉन हॉज यांनी काढला. भाकरीचा पापुद्रा, भाजलेली कॉफी, खरपूस मटण, सगळीकडे हीच मायार अभिक्रिया. आता गंमत अशी की साधी साखर, म्हणजे सुक्रोज, या अभिक्रियेत थेट भाग घेत नाही, तिचं आधी ग्लुकोज आणि फ्रुक्टोजमध्ये विभाजन व्हावं लागतं. मधात ही दोन्ही आधीपासूनच मोकळी असतात. ब्राऊन शुगरमध्ये मळी असते म्हणून तिच्यातही थोडी असतात, आणि आपल्या गुळात नि काकवीतही असतात, त्यामुळे कोणी ब्राऊन शुगरऐवजी गूळ किंवा काकवी वापरली तर रंग छान चढतो, चवीलाही मला ती जास्त आवडते, फक्त लक्ष ठेवायचं कारण करपतेही लवकर. फ्रुक्टोजचं कॅरॅमल व्हायला ११० अंशांच्या आसपासच सुरुवात होते, सुक्रोजला १६० च्या पुढे जावं लागतं.

आणि इथेच बहुतेकांची रुमाकी बिघडते. पृष्ठभागावर पाणी आहे तोवर तिथलं तापमान १०० अंशांच्या फारसं वर जात नाही, मॅरिनेडमधून काढून तसंच टपटपतं ओव्हनमध्ये टाकलं की पहिली दहा मिनिटं बेकन नुसतं वाफेवर उकडतं, मग पाणी संपतं आणि मागे राहिलेला साखरेचा थर एकदम तापतो आणि बेकनची चरबी सुटायच्या आत काळा पडतो. उपाय सोपा आहे. मुरवताना सोया सॉस, आलं, लसूण ठेवा आणि साखर अगदी थोडी, भाजण्याआधी टिपून कोरडं करा, २०० अंशांच्या ओव्हनमध्ये जाळीवर ठेवा म्हणजे सुटलेली चरबी खाली गळून जाईल, मध्ये एकदा उलटा, आणि बेकनचा रंग बदलून कडा आखडल्या की मगच उरलेल्या साखरेत थोडा सोया सॉस आटवून ते वरून ब्रशने लावा. शेवटची पाच-सात मिनिटं तेवढी पुरतात, वर जी चकाकी येते ती अशीच येते. बेकन जाड कापाचं असेल तर आधी ते एकटंच अर्धवट भाजून घ्या, लवचिक आहे तोवरच गुंडाळा. आणि टूथपिक आधी पाण्यात भिजवा.

कलेजी गुलाबी ठेवायची फॅशन आहे, तिच्या मी पूर्ण विरोधात आहे. कॅम्पिलोबॅक्टर हा जिवाणू कोंबडीच्या कलेजीत नुसता वरवर नसतो, आतल्या भागातही असू शकतो, आणि अर्धकच्च्या कलेजी वाटून केलेल्या ‘पाते’ या प्रकाराने ब्रिटनमध्ये आणि अमेरिकेत लोक आजारी पडल्याच्या घटना झालेल्या आहेत. अमेरिकन कृषी खातं आतून ७४ अंश सांगतं. रंगावर जाऊ नका, बेकनमध्ये ते टिकावं म्हणून घातलेलं नायट्राइट असतं आणि त्याच्या संपर्कात मांस पूर्ण शिजूनही गुलाबी राहू शकतं. थर्मामीटर खुपसायचा, विषय संपला.

याच नायट्राइटमुळे करपलेलं बेकन खाऊ नये हेही सांगायला हवं. फार जास्त आचेवर त्यापासून नायट्रोसोपायरोलिडिनसारखी नायट्रोसामाइन्स, म्हणजे कॅन्सरचा धोका असलेली रसायनं, तयार होतात. म्हणून अमेरिकेत, खारं पाणी टोचून बनवलेल्या बेकनमध्ये सोडियम नायट्राइटचं प्रमाण १२० पीपीएम (दहा लाख भागांत १२० भाग) ठरवून दिलंय आणि सोबत ५५० पीपीएम अॅस्कॉर्बेट किंवा एरिथॉर्बेट घालावंच लागतं, म्हणजे व्हिटॅमिन सी च्या घरातलं रसायन, जे ही क्रिया रोखतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या कॅन्सर संशोधन संस्थेने २०१५ मध्ये प्रोसेस्ड मांस कॅन्सरकारक गटात टाकलं ते विसरू नये. पार्टीचा पदार्थ पार्टीपुरताच ठेवावा.

आता वॉटर चेस्टनट, माझ्या मते या घासातली सगळ्यात भारी गोष्ट. हा आपला शिंगाडा नव्हे. शिंगाडा हे ट्रापा नावाच्या पाणवनस्पतीचं फळ, आणि हा एलिओकॅरिस डल्सिस नावाच्या, लव्हाळ्याच्या कुळातल्या वनस्पतीचा चिखलात वाढणारा कंद. बटाटा शिजला की मऊ का पडतो? त्याच्या पेशी एकमेकींना पेक्टिन नावाच्या नैसर्गिक डिंकाने चिकटलेल्या असतात, ८०-९० अंशांच्या वर ते तुटून विरघळतं आणि पेशी सुट्या होतात, मग दाताखाली त्या फुटत नाहीत, नुसत्या एकमेकींवरून सरकतात. वॉटर चेस्टनटमध्येही पेक्टिन आहे पण भिस्त त्याच्यावर नाही. १९९० च्या दशकात ब्रिटनमधल्या नॉर्विचच्या इन्स्टिट्यूट ऑफ फूड रिसर्चमध्ये यावर बरंच काम झालं, आणि दिसलं असं की पेशींच्या भित्तीत फेरुलिक आम्लाचे रेणू जोडीजोडीने बांधले जाऊन भित्तीतल्या शेजारशेजारच्या लांब रेणूंच्या साखळ्यांना टाके घालतात, कपड्याला दुहेरी शिवण घालावी तसे, आणि हे टाके उकळत्या पाण्यातही उसवत नाहीत. उसवतात ते अल्कलीमध्ये. सौम्य अल्कलीत ठेवल्यावर त्या जोड्या सुटल्या आणि तेव्हा कुठे पेशी एकमेकींपासून वेगळ्या झाल्या. म्हणूनच डबाबंद करताना चांगलं उकळूनही, आणि मग आपल्या ओव्हनमध्ये परत अर्धा तास भाजूनही, तो कंद चावताना करकरीतच लागतो.

मुंबई-पुण्यात डबाबंद वॉटर चेस्टनट मोठ्या दुकानांत मिळतो, पण नाही मिळाला तर शिंगाडा टाकू नका, तो शिजून पिठूळ होतो आणि घासातली सगळी मजा जाते. बांबूचे कोंब वापरा, पावसाळ्यात कोकणात आणि विदर्भात मिळतात तेच. बांबू गवताच्या कुळातला, त्याच्याही पेशीभित्तीत फेरुलिक आम्ल असतं आणि तोही शिजून कडक राहतो. फक्त कच्च्या कोंबात टॅक्सिफायलिन नावाचं सायनाइड सोडणारं द्रव्य असतं, तेव्हा पातळ चकत्या करून भांड्यावर झाकण न ठेवता चांगलं उकळायचं, ते पाणी फेकून द्यायचं, आणि मगच कलेजीशेजारी ठेवून बेकन गुंडाळायचं.