संधी खर्च

एक काम हाती घेतल्यामुळे दुसरे जे काम सोडावे लागते, त्यातून मिळाले असते तेवढे मोल म्हणजे पहिल्या कामाचा संधी खर्च. यालाच वैकल्पिक खर्च असेही म्हणतात. ही कल्पना ऑस्ट्रियन अर्थशास्त्रज्ञ फ्रीडरिश फॉन वीझर (१८५१–१९२६) यांच्या नावाशी जोडली जाते. सोडलेली कामे अनेक असली तरी त्यांची बेरीज करत नाहीत. त्यांतले सर्वांत फायद्याचे तेवढेच धरतात.

हिशेब पैशातच हवा असे नाही. पोळी-भाजी केंद्र चालवणाऱ्या दोन जावा घेऊ. कणीक मळलेली, पुरण वाटलेले. थोरली तासाला ४० साध्या पोळ्या किंवा १० पुरणपोळ्या करते, धाकटी २४ किंवा ८. थोरलीची एक पुरणपोळी ४ पोळ्यांना पडते (४० ÷ १०), धाकटीची ३ पोळ्यांना (२४ ÷ ८). थोरलीचा हात दोन्हींत चपळ, तरी पुरणपोळी स्वस्त पडते ती धाकटीकडे. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला हे पटत नाही, म्हणून ताडून पाहावे. चार तासांत दोघींनी दोन्ही कामे निम्मा-निम्मा वेळ केली, तर १२८ पोळ्या आणि ३६ पुरणपोळ्या होतात. धाकटीने फक्त पुरणपोळ्या केल्या (३२) आणि उरलेल्या ४ थोरलीने २४ मिनिटांत उरकल्या, तर पुरणपोळ्या तेवढ्याच, पण पोळ्या १४४. तवे तेच, वेळ तोच, १६ पोळ्या जास्त. इंग्रज अर्थशास्त्रज्ञ डेव्हिड रिकार्डो यांनी १८१७ मध्ये इंग्लंडचे कापड आणि पोर्तुगालची वाइन यांच्या व्यापाराबद्दल केलेला युक्तिवाद याच भागाकारावर उभा आहे.

भाव कळला की निर्णयही होतो. साहित्य वजा जाता साध्या पोळीमागे ५ रुपये सुटत असतील, तर पुरणपोळीमागे थोरलीला २० आणि धाकटीला १५ रुपयांच्या वर सुटायला हवेत. १८ सुटत असतील तर थोरलीने लाटणे पुरणपोळीला लावूच नये.

घरकामात हा हिशेब सहसा होत नाही, कारण तिथे मजुरी दिसत नाही. २०१९ च्या राष्ट्रीय वेळ-वापर सर्वेक्षणात बिनपगारी घरकाम करणाऱ्या स्त्रियांचा त्यात दिवसाला सरासरी २९९ मिनिटे वेळ जात होता, पुरुषांचा ९७. मात्र प्रत्येक मिनिट महाग नसते: कुकरच्या शिट्ट्या मोजत ओट्याशी थांबावेच लागणार असेल, तर तेवढ्यात निवडलेल्या मेथीचा संधी खर्च जवळजवळ शून्य.