प्लाझ्मा कटिंगचा खर्च नेमका कुठे झिजतो?

प्लाझ्मा टॉर्च म्हणजे विजेच्या आर्कने (हवेतून वाहणाऱ्या अखंड ठिणगीने) धातू कापणारे अवजार. त्यातून काढलेला जुना इलेक्ट्रोड, म्हणजे ज्याच्या टोकावरून आर्क निघतो तो भाग, निरखून पाहा. तांब्याच्या टोकावर मधोमध दीड-दोन मिलिमीटरचा रुपेरी ठिपका दिसेल आणि त्यात पडलेला खळगाही. हा ठिपका हॅफ्नियम धातूचा. कटिंगच्या खर्चाचा विषय निघाला की बोलणे मशिनची किंमत आणि विजेचे बिल यांवरच थांबते. माझ्या मते हिशोब या खळग्यापासून मांडायला हवा.

गॅस कटिंगमध्ये ऑक्सिजनच्या झोतात लोखंड अक्षरशः जळते. स्टेनलेस स्टील आणि ॲल्युमिनियम तसे जळत नाहीत, कारण त्यांच्यावरचा ऑक्साइडचा थर सहजासहजी वितळत नाही. प्लाझ्माला ही अडचण नाही. अरुंद नोझलमधून वायू जोरात सोडून त्यातून विजेचा आर्क नेला की वायूचे अणू फुटून आयन आणि इलेक्ट्रॉन सुटे होतात. तापमान २०,००० अंश सेल्सियसच्या पुढे जाते. धातू वितळतो आणि झोत त्याला खाली उडवून लावतो. वीज वाहून नेणारा कुठलाही धातू असा कापता येतो. युनियन कार्बाइडच्या रॉबर्ट गेज यांना या टॉर्चचे पेटंट १९५७ मध्ये मिळाले.

सुरुवातीच्या टॉर्चमध्ये आर्गॉन, हायड्रोजन, नायट्रोजन वापरत आणि इलेक्ट्रोड टंगस्टनचा असे. साध्या पोलादाला मात्र ऑक्सिजन किंवा हवा मानवते. काप वेगाने होतो, स्लॅग (कापाच्या कडेला थिजून चिकटलेला धातू) कमी राहतो. पण तापलेले टंगस्टन ऑक्सिजनमध्ये भराभर संपते. तिथे हॅफ्नियम टिकते, कारण त्याचा ऑक्साइड २,७०० अंशांच्याही पुढे वितळतो.

टिकते म्हणजे झिजत नाही असे नव्हे. आर्क चालू असताना ठिपक्याचा पृष्ठभाग वितळलेलाच असतो. आर्क अचानक तुटला की त्यातले थोडे हॅफ्नियम वायूबरोबर उडून जाते. म्हणून इलेक्ट्रोडचे आयुष्य नुसत्या तासांत मोजणे फसवे आहे. आर्क किती वेळा पेटला आणि विझला, हे त्याहून महत्त्वाचे. एक लांब सरळ काप आणि शंभर छोटी भोके यांत इलेक्ट्रोडवरचा ताण अजिबात सारखा नसतो. नवी मशिन थांबताना करंट आणि वायूचा दाब हळूहळू, एकमेकांच्या मेळाने उतरवतात. टॉर्च प्लेटच्या कडेबाहेर जाऊन आर्क तुटला, तर ही सोय वाया जाते.

नोझलची गोष्ट वेगळी. प्लेटला भोक पाडताना टॉर्च फार खाली असला की वितळलेला धातू उसळून नोझलवर बसतो. कॉम्प्रेसरच्या हवेत तेल किंवा पाणी असले तरी नोझल लवकर जाते. नोझलचे छिद्र वाकडे झाले की कापाची कड तिरपी येते, खाली स्लॅग चिकटतो आणि ग्राइंडिंगला माणूस बसवावा लागतो. इलेक्ट्रोड-नोझल बदलायची टाळाटाळ करून वाचवलेले पैसे त्या मजुरीत जातात. म्हणून खर्च तासाला नव्हे, तयार जॉबमागे (कापून तयार झालेल्या नगामागे) मोजावा. जास्त करंटचे मशिन तासाला महाग वाटते, पण वेगामुळे दर मीटरला अनेकदा स्वस्त पडते.

हॅफ्नियमचा पुरवठाही विचित्र आहे. अणुभट्टीसाठी झिर्कोनियम शुद्ध करताना हॅफ्नियम बाजूला काढावे लागते, कारण ते न्यूट्रॉन शोषते. जगाला ते मिळते मुख्यतः याच मार्गाने. मागणी वाढली म्हणून उत्पादन लगेच वाढवता येत नाही, आणि विमानांच्या इंजिनांचे मिश्रधातू व चिप उद्योग यांनाही तेच हवे असते. २०२२-२३ मध्ये त्याचे भाव झपाट्याने चढले.

दरम्यान पातळ पत्रा फायबर लेझरने जवळजवळ जिंकला आहे आणि लेझरची ताकद वाढेल तशी जाड प्लेटही त्याच्या टप्प्यात येत आहे. तरीही जाड प्लेट, वेल्डिंगसाठी तिरप्या कडा आणि जागेवर जाऊन हाताने करायचे कटिंग या कामांत कमी भांडवलात प्लाझ्माइतका वेग देणारी पद्धत मला अजून दिसत नाही.