हुईझोऊची गावं आणि चहा: एका दिवसाच्या टूरमागचा हजार वर्षांचा इतिहास

चीनमधल्या हांगझोऊहून सकाळची हायस्पीड ट्रेन धरली की साधारण दीड-दोन तासात हुआंगशान नॉर्थ स्टेशन येतं, तिथून बस, मग होंगत्सुन नाहीतर शिदी यातलं एक गाव (वेळ जमली तर दोन्ही), दुपारी चहाच्या मळ्यात चक्कर, संध्याकाळी तुन्शीची जुनी बाजारपेठ आणि रात्री परत, अशी ही टूर असते. ही रेल्वे लाइन डिसेंबर २०१८ मध्ये सुरू झाली म्हणून हे सगळं एका दिवसात बसतं. पांढऱ्या भिंती, काळी कौलं, तळ्यात पडलेलं घरांचं प्रतिबिंब, सगळं बघून माणूस खुश होतो. पण जरा आजूबाजूला नजर टाकली की प्रश्न पडतो, चारी बाजूंनी डोंगर, सपाट शेत म्हणाल तर हातभर, मग इतकी श्रीमंत घरं आली कुठून? माझ्या मते ही टूर समजायची तर आधी याचं उत्तर माहीत पाहिजे, कारण हा पैसा त्या गावात कधी पिकलाच नाही, तो सगळा बाहेरून आला.

या भागाचं जुनं नाव हुईझोऊ. ११२१ मध्ये हे नाव पडलं आणि पुढे कित्येक शतकं सहा तालुके मिळून हुईझोऊ होतं (त्यातला वूयुआन १९३४ मध्ये शेजारच्या जियांग्शी प्रांतात टाकला तेव्हा लोकांनी इतका विरोध केला की १९४७ मध्ये परत द्यावा लागला, आणि १९४९ मध्ये पुन्हा गेला तो गेलाच). डोंगर फार, जमीन थोडी, लोकसंख्या वाढत गेली तसं धान्य पुरेना, बाहेरून आणावं लागायचं. तिथली एक जुनी म्हण आहे तिचा अर्थ असा, की मागच्या जन्मी पुण्य केलं नाही म्हणून हुईझोऊत जन्म आला, तेरा-चौदा वर्षांचा झालास की घराबाहेर फेकून देतात. आणि खरंच तसंच व्हायचं, मुलगा तेरा-चौदाचा झाला की नातेवाईकाच्या किंवा गाववाल्याच्या दुकानात उमेदवारीला पाठवायचे, तो वर्षानुवर्षं परत यायचा नाही. आपल्या कोकणातल्या चाकरमान्यांसारखंच, घर गावात, कमाई शहरात आणि घरी येते ती मनीऑर्डर, फक्त इथे हे चार-पाचशे वर्षं चाललं आणि काही घरांमध्ये मनीऑर्डर अफाट मोठी होती.

अफाट होती ती मिठामुळे. मिंग राजवटीत मीठ विकायचं लायसन्स हवं असेल तर व्यापाऱ्याने उत्तरेच्या सरहद्दीवर सैन्याला धान्य पोचवायचं असा नियम होता, त्यामुळे त्या धंद्यात उत्तरेकडचे व्यापारी पुढे होते. १४९२ मध्ये नियम बदलला, धान्याऐवजी सरळ चांदी भरा म्हणाले. झालं, हुईझोऊवाल्यांना यांगझोऊचं मीठकेंद्र जवळ, ते तिथे जाऊन बसले आणि पुढची तीनेकशे वर्षं चीनच्या सगळ्यात श्रीमंत व्यापाऱ्यांमध्ये त्यांची गणना झाली. मिठाबरोबर लाकूड, सावकारी, कापड आणि चहा होताच.

हा पैसा गावी आला आणि त्याचं घर झालं, कुळाचं देऊळवजा सभागृह झालं, शाळा झाली, दगडी कमानी झाल्या. घरांच्या बाहेरच्या भिंती उंच आणि खिडक्या नावाला, कारण कर्ता पुरुष घरात नाही, चोराची भीती. भिंतींचा वरचा भाग पायऱ्यापायऱ्यांनी छपराच्याही वर काढलेला दिसतो तो आगीसाठी, एकाचं घर पेटलं तर शेजाऱ्याचं वाचावं म्हणून. उजेड आणि हवा येते ती मधल्या उघड्या चौकातून, आणि चारी बाजूंच्या छपरांचं पाणी मुद्दाम आत त्या चौकातच पडतं, कारण व्यापाऱ्याच्या घरातलं पाणी बाहेर गेलं म्हणजे लक्ष्मी बाहेर गेली अशी समजूत.

होंगत्सुन हे वांग कुळाचं गाव, ११३१ मध्ये वसलेलं. तिथली पाण्याची रचना बघायला जगभरातून लोक येतात. वरच्या ओढ्याचं पाणी वळवून गल्लीगल्लीतून दारासमोरून नेलंय, मधे अर्धचंद्राकृती तळं, आणि गावाच्या तोंडाशी १६०७ मध्ये खोदलेलं दक्षिण तळं. सकाळी आधी पिण्याचं पाणी भरून घ्यायचं, धुणीभांडी नंतर, अशी शिस्त होती. चंद्रतळ्याचं काम पंधराव्या शतकाच्या सुरुवातीचं आणि त्याचं श्रेय गाव हू चोंग या बाईला देतं, नवरा बाहेरगावी नोकरीवर आणि काम उभं केलं हिने. ज्या समाजात बाईचं नाव सहसा कुळाच्या कागदावरसुद्धा नीट येत नव्हतं तिथे हे नाव टिकलं ही मला फार मोठी गोष्ट वाटते.

कारण बाकीच्या बायकांचं काय झालं ते शेश्येन तालुक्यात कळतं. तिथल्या थांग्युए गावात बाओ कुळाच्या सात दगडी कमानी ओळीने उभ्या आहेत, त्यातल्या काही नवरा मेल्यावर आयुष्यभर एकट्या राहिलेल्या बायकांच्या नावाच्या. शेश्येन शहरात एक कमान आहे १९०५ ची, ती कुणा एका बाईची नाहीच, हुईझोऊतल्या ६५,०७८ बायकांची मिळून एकच, आकडा दगडात कोरलेला आहे. पासष्ट हजार. सोळा-सतराव्या वर्षी लग्न, नवरा धंद्याला गेला, कधी परमुलखात वारला, आणि ही त्या उंच भिंतींच्या आत. एवढ्या कमानी बांधायला दगड पुरेना म्हणून शेवटी एकीत सगळ्या आटोपल्या असंच वाटतं ते बघून. बहुतेक टूरच्या प्रोग्रॅममध्ये ही कमान नसते, असायला हवी.

आता चहा. इथला चहा गावांपेक्षाही जुना. नवव्या शतकातला एक लेख आहे त्यात छिमन तालुक्यातली दहातली सात-आठ माणसं चहावर जगतात असं म्हटलंय. पण नाव झालं ते मिंग काळात, शिऊनिंग तालुक्यातल्या सोंगलुओ डोंगरावर एका बौद्ध भिक्षूने हिरवी पानं कढईत भाजायची पद्धत बसवली आणि ती आजूबाजूला पसरली. हाच सोंगलुओ युरोपियन व्यापाऱ्यांच्या तोंडी सिंगलो झाला. १७७३ मध्ये बॉस्टनच्या बंदरात अमेरिकन लोकांनी चहाच्या पेट्या समुद्रात फेकल्या तो प्रसंग शाळेत सगळ्यांनी वाचलेला असतो, त्या पेट्यांमध्ये सिंगलो होता, म्हणजे या डोंगरातला माल. आणि योगायोग बघा, याच शिऊनिंग तालुक्यातलं एक जुनं घर खांब-तुळयांसकट सुटं करून अमेरिकेत नेलं आणि २००३ पासून ते बॉस्टनजवळच्या सेलम शहरातल्या म्युझियममध्ये उभं आहे.

परदेशी व्यापाराला तेव्हा कँटन हे एकच बंदर उघडं होतं, १७५७ ते १८४२. त्यामुळे हुईझोऊचा चहा आधी नदीने जियांग्शीत, मग हमालांच्या खांद्यावरून मेइलिंगचा घाट ओलांडून दक्षिणेला, असा काही आठवड्यांचा प्रवास करून कँटनला पोचायचा. आणि तिथे त्याच्या बदल्यात जे यायचं त्यात आपली मुंबई येते. इंग्रजांना चहा हवा होता पण चिन्यांना इंग्रजांचा माल फारसा नको होता, चांदी द्यावी लागत होती, त्यावर तोडगा म्हणजे अफू. बंगालची अफू कलकत्त्याहून आणि माळव्याची मुंबईहून, शिवाय कापूस. जमशेटजी जीजीभॉय यांची संपत्ती या चीनच्या व्यापारातलीच, जार्डिन मॅथेसन या ब्रिटिश व्यापारी कंपनीबरोबर त्यांचे जवळचे संबंध होते, आणि त्याच पैशातून १८४५ मध्ये जे. जे. हॉस्पिटल झालं आणि पुढे आर्ट स्कूल. जेजेची देणगी मोठी होती यात वाद नाही, पण पैसा कुठून आला हे मुंबईकराने माहीत करून घ्यावं असं मला मनापासून वाटतं.

होंगत्सुनमध्ये चेंगझी थांग नावाचा वाडा आहे, १८५५ च्या सुमाराचा, वांग दिंगगुई या मिठाच्या व्यापाऱ्याचा. लाकडावरचं कोरीवकाम एवढं बारीक की एकेका तुळईवर डझनावारी माणसं कोरलेली आहेत, लोक मान वर करून तेच बघत राहतात. पण त्याच वाड्यात एक पत्त्यांसारख्या सोंगट्यांचा जुगार खेळायची खोली आहे आणि तिच्याजवळ अफू ओढायची वेगळी खोली. त्या काळात चीनमध्ये येणारी अफू मुख्यतः हिंदुस्तानातूनच यायची. चहा बाहेर गेला त्याच व्यापाराचं दुसरं टोक असं गावातल्या सगळ्यात देखण्या घरात येऊन बसलं.

पहिल्या अफूयुद्धानंतर १८४३ मध्ये शांघाय उघडलं आणि हुईझोऊचा माल शिन-आन नदीने हांगझोऊ आणि तिथून शांघायला जायला लागला, तुन्शीची बाजारपेठ भरभराटीला आली ती याच काळात. आणि १८४८ मध्ये रॉबर्ट फॉर्च्युन आला. स्कॉटिश बागायततज्ज्ञ, ईस्ट इंडिया कंपनीचा माणूस, काम एकच, चहाची रोपं, बिया आणि कारागीर हिंदुस्तानात न्यायचे. परदेशी माणसाला आत यायची परवानगी नव्हती म्हणून डोकं भादरून, खोटी शेंडी लावून, चिनी कपड्यात आला. नोकर वांग हा मूळचा याच भागातला, त्याच्याच आईवडिलांच्या घरी राहून याने सोंगलुओचा परिसर पालथा घातला. हिरवा आणि काळा चहा एकाच झाडापासून होतो, फरक फक्त प्रक्रियेचा, हे त्याने पक्कं केलं, तोवर युरोपात दोन वेगळी झाडं समजत होते.

दुसरं त्याने पाहिलं ते म्हणजे परदेशी जाणारा हिरवा चहा रंगवताना. प्रशियन ब्लू हा निळा रंग आणि जिप्सम कुटून शेवटच्या भाजणीत पानांवर घालायचे आणि हाताने ढवळायचे, कामगारांचे हात निळे झालेले. चिनी लोक स्वतः असला चहा पीत नव्हते, गिऱ्हाइकाला हिरवागार लागतो म्हणून करत होते. त्याने ते नमुने १८५१ च्या लंडनच्या मोठ्या प्रदर्शनासाठी पाठवले.

बिया मात्र बोटीत मरायच्या. मग त्याने बंद काचेच्या पेट्यांमध्ये तुतीची रोपं लावून त्यांच्यामधल्या मातीत चहाच्या बिया पेरल्या, त्या वाटेतच रुजल्या आणि हिमालयाच्या पायथ्याच्या सरकारी बागांपर्यंत पोचल्या, १८५१ मध्ये चिनी कारागीरही आले. आपल्या घरात उकळतो तो आसामी चहा वेगळ्या, तिथल्याच मूळ जातीचा, तेव्हा सगळं श्रेय फॉर्च्युनला देऊ नये. पण आसाम आणि नंतर सिलोन उभं राहिल्यावर चिनी चहाची ब्रिटनमधली जागा गेली हे खरं. छिमनमध्ये १८७५ च्या सुमाराला काळा चहा सुरू झाला तो याच स्पर्धेच्या काळात, तोच जगात कीमुन म्हणून चालतो, आणि त्याच सुमाराला हुआंगशान माओफेंग हा हिरवा चहा बाजारात आला.

तोवर हुईझोऊचे दिवस फिरले होते. १८३२ पासून मिठाची मक्तेदारी मोडली, मग ताइपिंग बंडात (एकोणिसाव्या शतकाच्या मध्यातलं चीनमधलं मोठं यादवी युद्ध) गावंच्या गावं ओस पडली. आणि घरं टिकली त्यामागे हेही एक कारण आहे, पाडून नवीन बांधायला पैसाच उरला नाही. १९७९ मध्ये चीनचे तेव्हाचे नेते, पंच्याहत्तरीतले डेंग शियाओपिंग हुआंगशान डोंगर चढले आणि टुरिझम वाढवा म्हणाले, १९८७ मध्ये हुईझोऊचं नाव बदलून हुआंगशान शहर केलं (कित्येक लोक अजून जुनं नाव परत मागतात, मला त्यांचं पटतं), २००० मध्ये शिदी आणि होंगत्सुन युनेस्कोच्या यादीत आले. शिदीचा कारभार बरीच वर्षं गावाच्याच कंपनीकडे राहिला, होंगत्सुनचा १९९० च्या दशकाच्या शेवटी बाहेरच्या कंपनीकडे गेला आणि तिकिटाच्या पैशातला गावकऱ्यांचा वाटा यावरून तिथे बरेच वाद झाले.

जाणार असाल तर मार्चअखेर ते एप्रिलमध्ये जा, छिंगमिंग सणाच्या आगेमागे पहिली खुडणी होते तेव्हाच कढईवर भाजणी बघायला मिळते, ऑक्टोबरमध्ये डोंगर छान दिसतात पण चहाच्या हातांचं काम दिसत नाही. बुकिंग करतानाच शेश्येनची १९०५ ची कमान रस्त्यात घेता येईल का ते विचारून ठेवा, आणि चेंगझी थांगमध्ये गाइडला त्या दोन छोट्या खोल्या दाखवायला सांगा.