डॉल्फिनचा कान आणि जहाजाचा सोनार

'डॉल्फिनच्या डोक्यात निसर्गाने सोनार बसवलेला असतो' हे वाक्य माहितीपटांपासून मुलांच्या पुस्तकांपर्यंत सगळीकडे भेटतं. ऐकायला छान, समजायला सोपं, आणि म्हणूनच घोटाळ्याचं. कारण त्याच्या शेजारीच दुसरी बातमी असते: नौदलाच्या सोनारमुळे देवमासे किनाऱ्याला लागून मेले. मग वाचणारा सरळ हिशोब मांडतो. डॉल्फिनकडे सोनार, जहाजाकडेही सोनार. रेडिओवर दोन स्टेशनं एकाच जागी लागावीत तसे दोन्ही आवाज एकमेकांत मिसळत असणार आणि डॉल्फिनला समोरचं काही कळेनासं होत असणार. नुकसान होतं हे खरं, पण ते मुख्यतः या वाटेने होत नाही. आणि सगळ्यांत जास्त भोगावं लागतं ते डॉल्फिनला नव्हे, तर ज्याचं नावही बहुतेकांनी ऐकलेलं नसतं अशा एका लाजाळू प्राण्याला.

आधी साम्य उरकून घेऊ. आवाज सोडायचा, तो कशावर तरी आपटून परत येईपर्यंत थांबायचं आणि लागलेल्या वेळेवरून अंतर काढायचं, हे तत्त्व दोघांचं एकच. पाण्यात आवाज सेकंदाला साधारण १५०० मीटर जातो, हवेतल्यापेक्षा चौपटीहून जास्त वेगाने. मासा ७५ मीटरवर असेल तर प्रतिध्वनी एक दशांश सेकंदात हजर.

माणसाने ही युक्ती डॉल्फिनकडून उचलली असं म्हणतात, तेही खरं नाही. १९१२ मध्ये टायटॅनिक बुडाल्यावर हिमनग आधीच ओळखायचे कसे, याचा शोध जोरात सुरू झाला. १९१४ मध्ये रेजिनाल्ड फेसेंडेन या संशोधकाच्या यंत्राने पाण्यात आवाज सोडून हिमनगाचा प्रतिध्वनी टिपला. पहिल्या महायुद्धात पाणबुड्या शोधण्यासाठी फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञ पॉल लांजव्हाँने क्वार्ट्झचे स्फटिक वापरून खरीखुरी चालणारी यंत्रणा उभी केली. प्राणिशास्त्रज्ञ डोनाल्ड ग्रिफिनने वटवाघळांसाठी 'इकोलोकेशन' (प्रतिध्वनीवरून जागा ओळखणं) हा शब्द काढला तो १९४४ मध्ये. डॉल्फिनचं तर त्याहून उशिरा: १९६० च्या सुमारास केनेथ नॉरिसने एका डॉल्फिनच्या डोळ्यांवर रबराच्या वाट्या बसवल्या, तरी ती अडथळ्यांना न धडकता आरामात पोहत राहिली. म्हणजे यंत्र आधी आलं, प्राण्यातलं कसब आपल्याला नंतर कळलं.

आता फरक. डॉल्फिन हा आवाज घशातून काढत नाही. डोक्यावरच्या श्वासछिद्राच्या खाली, नाकाच्या मार्गात, ओठांसारख्या दिसणाऱ्या घड्यांच्या जोड्या असतात. त्यांतून हवा दाबाने गेली की 'टिक्' असा आवाज होतो. कपाळावरचा जो फुगीर भाग आपल्याला गोड वाटतो, तो चरबीचा गोळा आहे आणि भिंगासारखं काम करतो: आवाजाला गोळा करून पुढे अरुंद झोतात पाठवतो. प्रतिध्वनी परत येतो तो मुख्यतः खालच्या जबड्यातून. तिथलं हाड पातळ आणि आत चरबी भरलेली. त्या चरबीतून आवाज थेट कानाच्या आतल्या भागापर्यंत पोहोचतो. कानाचं भोक बाहेरून टाचणीएवढं दिसतं, पण डॉल्फिनला त्याची फारशी गरजच नाही.

बाटलीनाक्या डॉल्फिनची एक टिक साधारण ५० ते ७० मायक्रोसेकंद टिकते. सेकंदाचे दहा लाख भाग केले तर त्यातले पन्नास-सत्तर. तिची तीव्रता सर्वाधिक असते ती ११० ते १३० किलोहर्ट्झच्या आसपास (एक किलोहर्ट्झ म्हणजे सेकंदाला हजार कंपनं). माणसाचा कान २० किलोहर्ट्झला थकतो. इतक्या उंच आवाजाचा फायदा म्हणजे त्याची तरंगलांबी जेमतेम सव्वा सेंटिमीटर भरते, त्यामुळे छोटा मासाही नीट 'दिसतो'. प्रयोगात डॉल्फिनने साडेसात सेंटिमीटरचा पाणी भरलेला पोलादी चेंडू ११३ मीटरवरून ओळखला आहे. गंगेतल्या डॉल्फिनच्या डोळ्यांत तर भिंगच उरलेलं नाही. त्याला उजेड-अंधार जेमतेम कळत असेल, बाकी सगळा कारभार कानावर.

मला या सगळ्यात जास्त महत्त्वाची वाटते ती डॉल्फिनची शिस्त. तो एक टिक सोडतो, प्रतिध्वनी येऊ देतो, मगच दुसरी सोडतो. मासा जवळ आला की टिका भराभर पडू लागतात. अगदी शेवटी सेकंदाला शेकड्यांनी, आणि ऐकणाऱ्याला दार करकरल्यासारखा भास होतो. जसजसं अंतर कमी होतं तसतसा तो आवाज हळू करत नेतो. काही दातवाल्या व्हेलवर्गीय प्राण्यांमध्ये असंही आढळलं आहे की मोठा आवाज येणार अशी सूचना आधी मिळाली तर ते आपली ऐकण्याची संवेदनशीलता आपणहून खाली आणतात. गरजेपुरताच आवाज, गरजेच्याच दिशेला.

जहाजाच्या सोनारला यातलं काही परवडत नाही. पाणबुडी कित्येक किलोमीटर दूर असते आणि कोणत्या दिशेला आहे ते माहीत नसतं. डॉल्फिनच्या पट्टीतला आवाज पाणी फार लवकर गिळतं, किलोमीटरमागे ३५ ते ४० डेसिबल. याउलट तीन-साडेतीन किलोहर्ट्झच्या आवाजाचं तेवढ्याच अंतरात एक डेसिबलही नुकसान होत नाही. म्हणून अमेरिकी युद्धनौकांवरचा पाणबुडीविरोधी सोनार त्याच्या आसपास चालतो आणि उगमापाशी त्याची पातळी २३५ डेसिबलपर्यंत जाते. त्याची एक हाक सेकंदभर लांब असते. डॉल्फिनच्या टिकेच्या साधारण वीस हजार पट. पुन्हा पुन्हा, तासन्‌तास, मोठ्या परिसरात.

इथे आकड्यांचा एक सापळा आहे. पाण्यातले २३५ डेसिबल म्हणजे हवेतले २३५ नव्हेत. दोन्हीकडे मोजायचा पाया वेगळा, माध्यमही वेगळं. तेवढीच तीव्रता हवेत सांगायची तर ढोबळमानाने ६२ वजा करावे लागतात. 'रॉकेटपेक्षा मोठा आवाज' छापाचे मथळे बहुधा ही वजाबाकी विसरून लिहिलेले असतात. शिवाय स्पर्म व्हेलची टिकही २३६ डेसिबलपर्यंत मोजली गेली आहे. म्हणजे प्रश्न नुसत्या मोठेपणाचा नाही. स्पर्म व्हेलची टिक क्षणार्धाची आणि अरुंद झोताची, सोनारची हाक लांब आणि चौफेर. विजेरीचा झोत आणि मैदानावरचे फ्लडलाइट यांत जेवढा फरक, तेवढा.

तर मग सोनार डॉल्फिनच्या टिकांमध्ये मिसळतो का? एक १२० किलोहर्ट्झला, दुसरा साडेतीनला. दोन्ही पट्ट्या एकमेकींपासून फार लांब. पण डॉल्फिन आणखी एक आवाज काढतो, तो म्हणजे शीळ. आपसात बोलायला, पिलाला हाक मारायला, 'मी इथे आहे' सांगायला. या शिळा दोन-तीन किलोहर्ट्झपासून वीसच्या आसपास जातात, म्हणजे सोनारच्या शेजारच्या घरातच. अडथळा आलाच तर शिकारीआधी गप्पांना येईल. दोन्ही आवाज एकाच प्राण्याचे असल्यामुळे लेखांमध्ये त्यांची सर्रास सरमिसळ होते. निळ्या देवमाशाचं उदाहरण तर याहून सूचक. तो इकोलोकेशन करतच नाही, त्याची स्वतःची हाक शंभर हर्ट्झच्याही खाली असते. तरी कॅलिफोर्नियाजवळच्या प्रयोगांत सोनारसारखा आवाज सोडल्यावर काही निळ्या देवमाशांनी खोल पाण्यातलं खाणं थांबवलं आणि ते तिथून निघून गेले. हे २०१३ मध्ये प्रसिद्ध झालं.

आता तो लाजाळू प्राणी. चोचवाले देवमासे, त्यातही क्युव्हिए जातीचे. दिसतात क्वचित, कारण आयुष्याचा मोठा भाग खोल अंधारात जातो. अंगावर नोंदयंत्र लावलेल्या एका प्राण्याने २,९९२ मीटरपर्यंत बुडी मारली होती. तेही इकोलोकेशनवरच शिकार करतात, पण पृष्ठभागाजवळ आले की चिडीचूप असतात. बऱ्याच अभ्यासकांच्या मते याचं कारण ऑर्का, म्हणजे देवमाशांचीही शिकार करणारा 'किलर व्हेल'. ऑर्काला पत्ता लागू नये म्हणून गप्प राहणाऱ्या प्राण्याला अचानक तशाच पट्टीतला अनोळखी आवाज चहूबाजूंनी येऊ लागला तर तो पळणारच.

पळण्यातच घात आहे. खोल बुडी, मग काही उथळ बुड्या, मग विश्रांती, हे त्याचं ठरलेलं वेळापत्रक. घाबरून ते मोडलं तर रक्तात विरघळलेल्या नायट्रोजनचे बुडबुडे होतात, खोल पाण्यात बुडी मारणाऱ्या माणसांना घाईने वर आल्यावर होतो तसा त्रास. सप्टेंबर २००२ मध्ये कॅनरी बेटांजवळ नौदलाचा सराव सुरू झाल्यावर काही तासांतच चोचवाले देवमासे किनाऱ्याला लागू लागले, एकूण १४. शवविच्छेदनात रक्तवाहिन्यांत वायूचे बुडबुडे आणि चरबीच्या गुठळ्या सापडल्या. कानाचे पडदे फाटून मरतात ही लोकप्रिय कल्पना तिथून बाजूला पडत गेली. अजून सगळा उलगडा झालेला नाही, पण भीती आणि बिघडलेली बुडी या दिशेला पुरावा भक्कम आहे.

त्याआधी १९९६ मध्ये ग्रीसच्या आखातात नाटोच्या सोनार चाचण्यांच्या काळात डझनभर क्युव्हिए देवमासे किनाऱ्यावर आले होते. मार्च २००० मध्ये बहामात दीड-दोन दिवसांत १७ प्राणी. तेव्हा काय म्हणतील अधिकारी, असं वाटत असतानाच डिसेंबर २००१ मध्ये अमेरिकी नौदल आणि तिथल्या सागरी मत्स्य खात्याच्या संयुक्त अहवालानेच मान्य केलं की जहाजांवरचा मध्यम पट्टीचा सोनार हेच सर्वांत संभाव्य कारण आहे. सोनाराने कान टोचावे म्हणतात, ते असं. (मराठीत हा विनोद टाळणं अवघड आहे.) स्पेनने २००४ मध्ये कॅनरी बेटांभोवती सोनारवर बंदी घातली, आणि पुढच्या जवळपास दशकभरात तिथे अशी सामूहिक घटना घडली नाही. माझ्या मते सगळ्या वादात हाच पुरावा सर्वांत बोलका आहे.

पण किनाऱ्याला लागलेला प्रत्येक देवमासा सोनारच्या खाती टाकू नये. आजार, वादळ, उथळ किनाऱ्याची फसवी ठेवण, कळपाने आजारी सोबत्याला न सोडणं, अशी कितीतरी कारणं आहेत. डॉल्फिन किनाऱ्यावर का येऊन पडतात हे कळत नाही, असं अ‍ॅरिस्टॉटलने लिहून ठेवलं, तेव्हा सोनारला दोन हजारांहून अधिक वर्षं अवकाश होता.

आणि 'सोनार' या एका नावाखाली किती यंत्रं येतात, तेही बघायला हवं. पाणबुड्या बहुतेक वेळ वापरतात तो सोनार नुसता ऐकतो, आवाज सोडतच नाही. त्याचा देवमाशांना काही उपद्रव नाही. तेलसाठे शोधताना दाबलेली हवा एकदम सोडून मोठा आवाज करणाऱ्या एअरगन मुळात सोनारच नव्हेत, पण बातम्यांत त्याही याच पोत्यात भरतात. मासेमारीच्या बोटीवरचा फिशफाइंडर खाली अरुंद झोत टाकतो. तो ५० किलोहर्ट्झचा असेल तर डॉल्फिनला स्पष्ट ऐकू जातो, २०० चा असेल तर मुख्य आवाज त्याच्या कानापलीकडचा, मात्र अशा काही यंत्रांतून खालच्या पट्टीतही थोडी गळती होते असं मोजमापात दिसलं आहे. समुद्रतळाचे नकाशे काढणारी यंत्रंही निरुपद्रवी समजली जात. २००८ मध्ये मादागास्करमधल्या एका खाजणात डॉल्फिनच्याच कुळातले शंभराच्या आसपास मेलन-हेडेड व्हेल शिरले आणि बहुतेक मेले. स्वतंत्र तज्ज्ञांच्या समितीने २०१३ मध्ये बोट ठेवलं ते तेलाच्या शोधासाठी तळ मोजणाऱ्या १२ किलोहर्ट्झच्या अशाच एका यंत्रावर. नौदलाचा तिथे संबंध नव्हता.

अमेरिकी नौदल १९६० च्या आसपासपासून बाटलीनाके डॉल्फिन पाळत आलं आहे. २००३ मध्ये इराकच्या उम्म कसर बंदरात पाण्याखालचे सुरुंग शोधायला तेच नेले होते. उथळ, गढूळ, भंगाराने भरलेल्या पाण्यात यंत्राला प्रत्येक दगड आणि डबा सुरुंगासारखाच दिसतो. डॉल्फिन चार टिका मारतो, तिरका होऊन दुसऱ्या बाजूने आणखी दोन मारतो, आणि दगड सोडून पुढे जातो.