गंधक शेवटी का पडतं?

इंजिन आणि चासी यांच्यामध्ये जो काळा रबरी ठोकळा बसवतात, त्याला कारखान्यात नुसतं ‘माउंटिंग’ म्हणतात. इंजिनाची थरथर गाडीच्या सांगाड्यापर्यंत पोचू न देणं हे त्याचं काम. पुणे-चाकण पट्ट्यात असे भाग साच्यात दाबणारे बरेच छोटे कारखाने आहेत. ठोकळा दिसायला साधा, पण त्याचं नशीब प्रेसवर जाण्याआधीच ठरलेलं असतं. साच्यात माल नीट वाहील की अर्ध्यातच अडेल, हे मिलवर, म्हणजे रबर मळणाऱ्या रोलांवर, कोणती वस्तू कधी पडली आणि तो माल आधी किती तापला यावर अवलंबून असतं.

रबराची कृती टक्केवारीत लिहीत नाहीत. कच्चं रबर १०० भाग धरायचं आणि बाकी सगळं त्याच्या मापाने मोजायचं. या मापाला पीएचआर म्हणतात. माउंटिंगला चालेल असं एक साधं कंपाउंड घेऊ: नैसर्गिक रबर १००, झिंक ऑक्साइड ५, स्टिअरिक ॲसिड २, एन-३३० जातीचा कार्बन ब्लॅक ५०, प्रोसेस तेल ५, अँटिऑक्सिडंट २, सीबीएस नावाचा ॲक्सिलरेटर (गंधकाचं काम वेगाने करवणारं रसायन) १ आणि गंधक २.५. बेरीज १६७.५. दहा किलो रबराची बॅच लावली तर एकूण माल पावणेसतरा किलो होतो. त्यात गंधक अवघं २५० ग्रॅम आणि सीबीएस १०० ग्रॅम. वजनात २५ ग्रॅमची चूक झाली, तर पाच किलो कार्बन ब्लॅकमध्ये ती कुठल्या कुठे विरून जाते. सीबीएसमध्ये तीच चूक २५ टक्क्यांची ठरते. बारीक रसायनांसाठी ग्रॅमचा वेगळा काटा ठेवायचा तो यासाठी. या खर्चात काटकसर केलेली पुढे फार महाग पडते.

याच आकड्यांवरून कडकपणाचाही अंदाज बांधता येतो. कार्बन ब्लॅकसारखी भरणी नसलेलं व्हल्कनाइज्ड, म्हणजे गंधकाने पक्कं केलेलं, नैसर्गिक रबर शोअर ए मापात ४०च्या आसपास असतं. दर दोन भाग कार्बन ब्लॅकला एक अंक वाढतो, दर दोन भाग तेलाला एक अंक उतरतो. ४० अधिक २५ वजा अडीच, म्हणजे ६२च्या जवळपास. हा ठोकताळाच आहे, पण नवीन कृती कागदावर मांडताना चांगला उपयोगी पडतो.

आता मिलवर येऊ. आडवे ठेवलेले दोन पोलादी रोल एकमेकांकडे फिरतात. मागचा रोल पुढच्यापेक्षा थोडा जोरात, साधारण १ ला १.२ या प्रमाणात. वेगातल्या या फरकामुळेच रबर नुसतं दाबलं न जाता घासलं आणि फाडलं जातं. सुरुवातीला कच्च्या रबराच्या शीट एकट्याच फिरवायच्या. याला मॅस्टिकेशन म्हणतात. नैसर्गिक रबराच्या साखळ्या इतक्या लांब असतात की तसंच घेतलं तर त्यात पावडर शिरतच नाही. रोल थंड असतील तर साखळ्या ताणून तुटतात आणि हवेतला ऑक्सिजन तुटलेली टोकं बंद करतो, त्यामुळे ती परत जुळत नाहीत. रोल फार गरम झाले की रबर आधीच मऊ पडतं, ताण बसत नाही आणि साखळ्या तुटणं मंदावतं. म्हणून रोलांतून पाणी खेळतं ठेवून हे काम थंडच करायचं. रबर खडबडीत, भोकाभोकाचं दिसायचं थांबून पुढच्या रोलवर गुळगुळीत पट्टा धरला की बस. त्यापुढे रगडत राहिलं तर रबर ‘मरतं’, आणि मग त्यातून कितीही चांगल्या कृतीने ताकद परत मिळत नाही.

पट्टा धरल्यावर झिंक ऑक्साइड, स्टिअरिक ॲसिड आणि अँटिऑक्सिडंट जातं. मग कार्बन ब्लॅक, तीन-चार हप्त्यांत. नवखा माणूस इथे हमखास एक चूक करतो: काळी पावडर उडू नये म्हणून तेल आधी ओतून मोकळा होतो. एन-३३० चे मूळ कण तीसएक नॅनोमीटरचे असतात, पण पोत्यातून येतात ते बारीक दाण्यांच्या रूपात. ते दाणे फोडायला रबर ताठ असावं लागतं. तेल आधी पडलं की रबर निसटतं, घासणी कमी होते आणि दाणे तसेच राहतात. तयार ठोकळा ब्लेडने कापून भिंगाखाली धरला तर हे दाणे ठिपक्यांसारखे दिसतात. माउंटिंगला चीर पडते ती बहुतेक वेळा अशाच एखाद्या ठिपक्यापासून. म्हणून तेल कार्बनच्या शेवटच्या हप्त्याबरोबर घालायचं. मधूनमधून दोन्ही बाजूंनी काप मारून पट्टा उलटायचा आणि तळातल्या ट्रेमध्ये सांडलेली पावडर पुन्हा वर टाकायची. ती ट्रेमध्येच राहिली तर कागदावरचे ५० भाग मालात ४७ होतात. मोठ्या कारखान्यांत हे सगळं बंद मिक्सरमध्ये, बॅनबरीत होतं. तिथे कार्बनची पहिली फेरी दीडशे अंशांच्या आसपास बाहेर काढतात, आणि गंधकाची दुसरी फेरी वेगळी, ११० अंशांच्या आत.

ही दुसरी फेरी वेगळी कशासाठी, हे कळायला गंधक काय करतं ते बघावं लागेल. १८३९ मध्ये चार्ल्स गुडइयरला दिसलं की गंधक मिसळून तापवलेलं रबर उन्हात चिकट होत नाही आणि थंडीत तडकत नाही. गंधकाचे अणू शेजारच्या साखळ्यांमध्ये पूल बांधतात, आणि वाहणाऱ्या लगद्याचं ताणलं तरी परत जागेवर येणारं जाळं होतं. नुसतं गंधक मात्र फार सुस्त. आठ भाग घालूनही १४० अंशांना जवळजवळ पाच तास लागत. १९०६ मध्ये अमेरिकेत ॲक्रनमधल्या जॉर्ज ओएनस्लेगरने ॲनिलिनसारख्या सेंद्रिय पदार्थांनी हा वेळ खूप कमी होतो हे शोधलं, आणि तासांचं काम मिनिटांवर आलं. झिंक ऑक्साइड आणि स्टिअरिक ॲसिडच्या सोबतीने ॲक्सिलरेटर गंधकाला कामाला लावतो.

वेग मिळाला आणि त्याबरोबर धोकाही. ही क्रिया साच्यातच सुरू व्हावी असं तिला कुणी सांगितलेलं नसतं. गंधक आणि ॲक्सिलरेटर एकत्र आले की घड्याळ चालू झालं. दुधाला विरजण लावल्यावर उन्हाळ्यात दही लवकर लागतं आणि थंडीत रेंगाळतं, तसंच इथेही. लागलेल्या दह्याचं जसं परत दूध होत नाही, तसं पूल बांधलेलं रबर परत वाहत नाही. वेळेआधीच पूल बांधले जाण्याला स्कॉर्च म्हणतात. सीबीएस याच कारणाने लोकप्रिय आहे: तो सुरुवातीला थांबतो आणि मग झपाट्याने काम करतो.

हा थांबण्याचा वेळ म्हणजे त्या मालाची शिल्लक. ती प्रत्येक पायरीवर थोडी थोडी खर्च होते. ढोबळ नियम असा: तापमान १० अंशांनी वाढलं की वेग दुप्पट. समजा आपल्या कंपाउंडला १२० अंशांवर स्कॉर्च व्हायला २० मिनिटं लागतात. मग १०० अंशांवर ८०, ९० वर १६०, ८० वर ३२० आणि साच्याच्या १५० वर फक्त अडीच मिनिटं. आता हिशेब मांडू. गंधक घातल्यावर मिलवर १०० अंशांना आठ मिनिटं गेली, १० टक्के शिल्लक संपली. प्रेसआधी ९० अंशांना दहा मिनिटं गरम केलं, आणखी ६ टक्के. अजून ८४ टक्के हातात आहेत, म्हणजे साच्यात वाहायला दोन मिनिटं. आरामात पुरतात.

पण तोच माल मिलवरून काढून गरम असतानाच एकावर एक रचला तर? रबर उष्णता फार हळू सोडतं. वरची शीट हाताला गार लागते आणि थप्पीच्या पोटात ८० अंश तसेच कोंडलेले राहतात. तीन तासांत ५६ टक्के शिल्लक तिथेच जळते. साच्यात उरतात जेमतेम ४० सेकंद. वीस खाचांचा साचा भरायला, बंद करायला आणि हवा काढण्यासाठी प्रेस दोनदा वर-खाली करायलाच मिनिटापेक्षा जास्त लागतं. ठोकळ्यांच्या कडा अर्धवट भरतात, आत वाहत्या मालाच्या रेषा दिसतात आणि धातूच्या पट्टीला रबर नीट धरत नाही. दोष मात्र प्रेसवाल्याच्या माथी येतो. खरं चुकलेलं असतं ते शीट गार न करता रचणं. पंख्याखाली टांगून किंवा साबणाच्या पाण्यातून काढून वाळवून, हाताला पूर्ण गार लागल्यावरच शीट रचाव्यात. एप्रिल-मेमध्ये कूलिंग टॉवरचं पाणीच तिशीच्या वर जातं. तोच कामगार, तीच कृती, पण दुपारच्या पाळीचा माल सकाळच्यापेक्षा जास्त खर्चलेला असतो. अशा वेळी गंधक घालण्याआधी बॅच मिलवरून उतरवून गार करणं, बॅच छोटी घेणं किंवा ०.१ ते ०.२ भाग पीव्हीआय हे लगाम घालणारं रसायन घालणं, हे उपाय खरोखर चालतात. नुसता सीबीएस कमी करणं हा उपाय नव्हे. त्याने पक्कं व्हायला वेळ लागतो आणि जाळंही विरळ बसतं.

गंधकाची आणखी एक खोड. गरम रबरात अडीच भाग गंधक विरघळतं, गार झाल्यावर मात्र साधारण एकच भाग मावतं. उरलेलं दोन-चार दिवसांत शीटच्या अंगावर पांढरट-पिवळी पूड होऊन येतं. याला ब्लूम म्हणतात. त्यामुळे थर थराला चिकटत नाही. टायरवाले म्हणून न विरघळणारं, महागडं गंधक वापरतात, आणि तेही १०५ अंशांच्या वर नेलं की साध्या गंधकात बदलू लागतं.

बॅच बरोबर झाली की नाही हे दोन चाचण्यांत कळतं. पहिली घनतेची. आपल्या कृतीची घनता १.१३ यायला हवी. झिंक ऑक्साइड विसरलं तर ती १.१० वर येते, कारण तो पदार्थ रबराच्या सहापट जड आहे. गंधक विसरलं तर १.१२. एवढा बारीक फरक काट्यावर सहज निसटतो, म्हणून दुसरी चाचणी रिओमीटरची. नमुना १५० अंशांवर हलवत ठेवला की प्रतिकाराची रेषा आधी सपाट, मग चढती, मग पुन्हा सपाट उमटते. पहिला सपाट भाग म्हणजे शिल्लक. गंधक नसेल तर रेषा चढतच नाही. चढून परत खाली वळली तर तो रिव्हर्जन: नैसर्गिक रबर फार गरम किंवा फार वेळ ठेवल्याने बांधलेले पूल तुटताहेत. जाड ठोकळ्यांत हे सांभाळावं लागतं. वेळ वाचवायला साचा १७० वर नेला तर आतला गाभा पक्का होईपर्यंत बाहेरचा थर मऊ पडू लागतो. १५० अंश आणि दर सहा मिलिमीटर जादा जाडीला पाचएक मिनिटं जास्त, हे धोरण माउंटिंगला मानवतं.

थोडा स्कॉर्च झालेला माल टाकून द्यायचा का? घट्ट मिटलेल्या थंड रोलांमधून तीन-चारदा काढल्यावर त्याची शीट गुळगुळीत होत असेल, तर ताज्या बॅचमध्ये ५ ते १० टक्के मिसळून चटई किंवा पायदानाला वापरता येतो. शीट दाणेदारच राहिली तर जाळं बसलं, तो माल गेला. माउंटिंगमध्ये मात्र दोन्हीपैकी कुठलाच नको. तिथे प्रत्येक दाणा म्हणजे पुढे पडणाऱ्या चिरेची सुरुवात.