फ्राईड राईसला भात कालचा की आजचा?

फ्राईड राईस करायचा ठरलं की नाशिकच्या घराघरांत पहिला खल होतो तो भातावर. कालचा वापरायचा की सकाळी लावून गार करायचा? कोबी, गाजर, फरसबी, ढोबळी मिरची, पातीचा कांदा यांबद्दल फारसं दुमत नसतं. भाताच्या बाबतीत मात्र सासू-सुनांचं, मायलेकींचं आणि आता व्हिडिओ बघून शिकलेल्या पोरांचंही जमत नाही. हा वाद उगाचचा नाही. तो कुठून आला ते पाहिलं, तर कढईतल्या भाताचा लगदा का होतो तेही उलगडतं.

मूळ पदार्थ चीनचा. उरलेला भात परतून खायची तिथली पद्धत फार जुनी; यांगझोऊ शहराचं आणि सुई राजवटीचं (इ.स. ५८१ ते ६१८) नाव त्यासाठी परंपरेने घेतलं जातं. भारतात चिनी स्वयंपाक रुजला कोलकात्यात, तिथे येऊन राहिलेल्या हक्का या चिनी समाजाच्या लोकांमुळे. टांगरा भागात त्यांचे चामड्याचे कारखाने होते आणि त्यांच्याच आसपास खानावळी निघाल्या. १९६२ च्या भारत-चीन युद्धानंतर त्यांतल्या अनेक कुटुंबांना राजस्थानात देवळीच्या छावणीत डांबलं गेलं, पुढे कित्येक जण देश सोडून गेले. आपण आवडीने खातो त्या पदार्थामागे ही जखम आहे, म्हणून एवढं तरी सांगायलाच हवं. १९७० च्या दशकात मुंबईच्या मोठ्या हॉटेलांनी तिखट, लसणाचा, कॉर्नफ्लॉवरने दाट केलेला नवा अवतार पुढे आणला. नाशिकला ही चव मुंबई-आग्रा रस्त्यानेच पोचली.

घरच्या फ्राईड राईसची खरी सुरुवात मात्र गाड्यांपासून धरायला हवी. १९९० च्या दशकात सातपूर-अंबडच्या कारखान्यांतली दुसरी पाळी सुटायची तेव्हा सिडकोत, नाशिकरोडला, कॉलेजच्या रस्त्यांवर लाल रंगाच्या गाड्या उभ्या असत. पाट्यांवर ड्रॅगन, खाली ‘चायनीज’. गाडीच्या एका कडेला ॲल्युमिनियमचं मोठं पातेलं, त्यावर ओलं फडकं आणि फडक्याखाली दुपारीच शिजवून वेळलेला, तेलाचा हात लावलेला भात. ऑर्डर आली की त्यातला एक डाव कढईत पडायचा, भट्टीची ज्योत कढईच्या काठावरून वर यायची आणि दीड-दोन मिनिटांत प्लेट हातात. भात ताजा, वाफाळता असा तिथे कधीच नसायचा. खाणाऱ्याला ते दिसतही होतं, पण घरी करताना नेमकं तेवढंच विसरलं जायचं.

विसरलं जायचं, याला कारण आहे. मराठी घरात ‘शिळा’ हा शब्द साधा नाही. नैवेद्याला शिळं चालत नाही, पाहुण्यांपुढे शिळं ठेवलं तर तो अपमान. श्रावणातल्या शीतला सप्तमीला काही घरांत मुद्दाम आदल्या दिवशीचं खातात, पण तो वर्षातला एक दिवस आणि तोही व्रताचा. रात्रीचा भात उरला तर सकाळी त्याला मोहरी, हिंग, हळद, हिरवी मिरची, शेंगदाण्यांची फोडणी द्यायची आणि घरातल्या घरात संपवायचा. फोडणीचा भात आवडीने खाल्ला जात होता, मिटक्या मारत खाल्ला जात होता, पण तो पाहुणचाराच्या ताटात कधी आला नाही.

फ्राईड राईस घरात आला तो याच्या अगदी उलट बाजूने: वाढदिवसाला, भिशीला, मुलांचे मित्र येणार म्हणून. कौतुकाचा पदार्थ. मग कौतुकाच्या पदार्थाला कालचा भात कसा घालायचा? म्हणून सकाळी ताजा भात लावला जाई, बहुतेकदा कुकरमध्ये, नेहमीच्याच पाण्यात. तो गरम असतानाच भाज्यांवर पडे, वरून सोया सॉस, आणि उलथन्याच्या चार फेऱ्यांत त्याची तपकिरी खिचडी होई. आमच्या घरी हे अनेक वर्षं चाललं. आई भाज्या अगदी एकसारख्या चिरायची, काडेपेटीतल्या काड्यांसारख्या, आणि एवढी मेहनत त्या लगद्यात बुडून जायची. चूक तिच्या हाताची नव्हती, भात गरम होता एवढंच.

तांदळाच्या पिठूळ भागात स्टार्चचे दोन प्रकार असतात, अमायलोज आणि अमायलोपेक्टिन. शिजताना दाणा पाणी पिऊन फुगतो, स्टार्च मोकळा होतो आणि बाहेरून चिकटपणा येतो. त्याच अवस्थेत ढवळलं की शितं मोडतात आणि एकमेकांना धरून बसतात. भात पूर्ण गार झाला की स्टार्चच्या साखळ्या पुन्हा जवळ येऊन घट्ट होतात, वरचं पाणी उडून जातं, शीत आतून-बाहेरून कडक होतं. फ्रीजच्या थंडीत हे काम सगळ्यात चांगलं होतं. असा भात कढईत पडला की तेल प्रत्येक शिताला वेगवेगळं लागतं. म्हणजे ‘कालचा भात’ या अटीतला ‘काल’ महत्त्वाचा नाही, गारठा महत्त्वाचा आहे. माझ्या मते हा सगळा वाद या एका शब्दावर अडला होता. मूळ चिनी पद्धतीत उरलेला भात होता म्हणून तो गार होता. आपण उरलेलं नको म्हणून ताजं घेतलं आणि गारठाही टाकून दिला.

‘शिळ्या’ला घाबरणाऱ्या आज्यांचंही चुकत नव्हतं, हे इथेच नोंदवलं पाहिजे. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला ब्रिटनमध्ये चिनी खानावळींतल्या फ्राईड राईसमुळे विषबाधेचे प्रकार झाले. तपासात सापडला बॅसिलस सेरियस नावाचा जंतू. त्याची बीजं भात उकळला तरी मरत नाहीत. शिजलेला भात तासन्‌तास स्वयंपाकघराच्या उबेत, फ्रीजबाहेर राहिला की ती वाढतात आणि विष तयार करतात. ते विष नंतर कितीही मोठ्या आचेवर परतलं तरी जात नाही. अर्ध्या ते सहा तासांत उलट्या सुरू होतात. तिथल्या आचाऱ्यांनी भात रात्रभर बाहेर ठेवला होता, कारण फ्रीजमध्ये त्याचे गोळे होतात असं त्यांना वाटायचं. नाशिकच्या एप्रिल-मेच्या उकाड्यात ओट्यावर रात्रभर राहिलेल्या भाताबद्दल वेगळं काय सांगायचं? तेव्हा शिळ्या भाताची जुनी धास्ती ज्या काळातली आहे, त्या काळात घरात फ्रीज नव्हता.

फ्रीज आला आणि गणित बदललं, पण एका दमात नाही. मधल्या काळात, साधारण २००५ नंतरच्या वर्षांत, भारनियमनाने सगळ्यांना जेरीस आणलं होतं. तासन्‌तास वीज नसे, फ्रीजमधलं दूध नासे, मग त्यातल्या भातावर कोण विश्वास ठेवणार? त्या वर्षांत बऱ्याच जणींनी मधला मार्ग काढला: भात नव्वद टक्के शिजवायचा, वेळून घ्यायचा, चमचाभर तेल लावून परातीत पसरायचा आणि पंख्याखाली ठेवायचा. भातावर हे संस्कार केले की काम भागतं, फ्रीजएवढं नाही तरी भागतं.

दुसरी अडचण आपल्याच जिल्ह्यातली. इगतपुरी तालुक्यातला इंद्रायणी, घोटीच्या गिरण्यांतून निघालेला, हा नाशिककरांचा रोजचा जिव्हाळ्याचा तांदूळ. आंबेमोहोर आणि आयआर-८ यांच्या संकरातून मावळात तयार झालेलं हे वाण १९८७ साली आलं. वरण-भाताला, आमटीला, मऊ भाताला त्याला तोड नाही. वास असा की कुकर उघडला की शेजारी कळतं. पण तो चिकट होतो, आणि फ्राईड राईसला नेमकं तेच नडतं. घरात इंद्रायणीचं पोतं असताना एका पदार्थासाठी वेगळा तांदूळ आणायचा, हे पुष्कळ घरांना पटायला वेळ लागला. लांब बासमती आणला तर तो भट्टीसारखं हलवताना तुटतो. जुना कोलम मला सगळ्यात योग्य वाटतो. दाणा बारीक, भात मोकळा आणि खिशालाही जड नाही.

बाटल्यांची गोष्ट थोडक्यात. ‘शेजवान’ म्हणजे चीनचा सिचुआन प्रांत, जुन्या इंग्रजी स्पेलिंगमधून आपल्याकडे आलेलं नाव. तिथल्या जेवणाची ओळख असलेली, जीभ बधिर करणारी मिरी आपल्या लाल चटणीत नसते. तिची जवळची बहीण मात्र कोकणात माशांच्या कालवणात पडते, तिरफळ. अजिनोमोटो, म्हणजे चव वाढवणारी पांढरी पूड, मूळची जपानची. टोकियोतल्या एका रसायनशास्त्राच्या प्राध्यापकाने १९०८ साली समुद्री शेवाळाच्या सारातून ती चव वेगळी काढली. १९६८ मध्ये एका अमेरिकी वैद्यकीय नियतकालिकात छापून आलेल्या एका पत्रापासून तिची भीती पसरली, आणि आपल्याकडे २०१५ मध्ये मॅगी नूडल्सवर बंदी आली त्यानंतर ती पांढरी पुडी अनेक डब्यांतून कायमची गेली. तिच्याविना पदार्थ अडत नाही, भात गरम असला तर मात्र अडतो.

हल्ली बऱ्याच घरांत सकाळीच भात लागतो. गॅस बंद झाला की लगेच परातीत पातळ पसरतात, वाफ गेली की तासाभराच्या आत पसरट डब्यात घालून फ्रीजमध्ये. संध्याकाळी लोखंडी कढई धूर येईपर्यंत तापवायची, एका वेळी दोनच वाट्या भात घ्यायचा, कारण घरच्या बर्नरला गाडीच्या भट्टीची ताकद नसते आणि जास्त भात घातला की परतायच्या ऐवजी तो वाफेवर शिजतो. भात त्याच दिवशीचा, त्यामुळे आजीही त्याला शिळा म्हणत नाही. आमच्याकडे तो डबा फ्रीजमध्ये गेला की त्यावर दुसरं काही ठेवायचं नाही असा दंडक आहे, शितं दबतात.